तुमच्या मनातल्या जगात बर्फ चमकायचा का? (अनुभव)

निशाचर
परवा पोराला झोपवताना मोबाईलवर रशियातल्या पांढऱ्या समुद्राकाठचे फोटो दिसले, 2021 च्या डिसेंबरातले. किनाऱ्यावरच्या बर्फात निळे ठिपके, पाय पडला की पेटणारे. मॉस्को विद्यापीठाचं जीवशास्त्र केंद्र आहे तिथे, त्यांनी बर्फ सूक्ष्मदर्शकाखाली धरला तर मेट्रिडिया लाँगा निघाले. कोळंबीच्या लांबच्या नात्यातले चिमुकले जीव. एरवी किनाऱ्यापासून दूर राहतात, पण भरतीच्या पाण्याबरोबर येऊन बर्फात अडकले. धक्का लागला की उजेड सोडतात.

मी उठूनच बसले. अहो, हा आमचा नियम होता! सुट्टीत आम्ही भावंडांनी एक देश बनवला होता, निहारवाडा. तिथल्या गोठलेल्या तळ्यावर पाऊल टाकलं की ठसा निळा पेटायचा, तो सूर्य उगवेपर्यंत विझायचा नाही. त्यामुळे चोरी अशक्य. मग धाकट्यानं शक्कल काढली, चोर राजाच्याच ठशांवर पाय ठेवत जाणार. म्हणून राजाला रात्री बाहेर पडायला बंदी. मग कळलं राणीच चोर आहे. वगैरे वगैरे, ते वाढतच गेलं.

तुमच्याकडे होतं का असं काही? खेळातलं, गोष्टीतलं, अर्ध्यावर टाकलेल्या कादंबरीतलं, काहीही चालेल.

खडूस
ऊर्जा कुठून येते? रात्रभर पेटायचं तर काहीतरी खर्च व्हायला हवं. त्या जिवांचा उजेड क्षणात संपतो.

निशाचर
खडूस, आमच्यातला सगळ्यात मोठा सातवीत होता हो. ऊर्जा राजाकडून यायची.

घनचक्कर
आमचा हिरवा. खाली ड्रॅगन मेलेला.

फासे टाकून खेळतात तो प्रकार, खेळ चालवणारा मी. उजेड कशाचा, शाप कुणाचा, कुठल्या राजघराण्यानं काय पाप केलं, सगळा इतिहास लिहून तयार. पहिल्याच रात्री एका गड्यानं बर्फ चाटला. म्हणे चव कशी आहे? मला काही सुचेना, म्हटलं खारट. झालं. मीठ आहे, फोडून विकू! तेव्हापासून आमचा खेळ मिठाच्या व्यापारावर चाललाय. ड्रॅगनची चौकशी अजून कुणी केलेली नाही.

भटकी
😂😂 घनचक्कर, खारट बरोबरच आहे पण!! गुरूचा चंद्र युरोपा बघा. गुरूभोवतीच्या किरणोत्सर्गाचा त्याच्यावर सतत मारा चालू असतो. नासाच्या जेट प्रोपल्शन लॅबोरेटरीत मूर्ती गुडिपाटी आणि मंडळींनी खारट बर्फावर इलेक्ट्रॉन सोडून पाहिले, तर तो चमकला. मीठ बदललं की चमक बदलते. खायचं मीठ घातलेला बर्फ मंद, मॅग्नेशियम सल्फेटवाला जास्त उजळ. 2020 मध्ये छापून आलं. म्हणजे युरोपाची काळोखी बाजूसुद्धा चमकत असावी. युरोपा क्लिपर यान ऑक्टोबर 2024 मध्ये निघालंय, 2030 मध्ये गुरूपाशी पोचेल.

माझ्या गोष्टीत असा चंद्र होता, रात्र जास्त उजळ आणि दिवस कंटाळवाणा. लोक दिवसा झोपायचे. बस, एवढंच, कथानक सापडलंच नाही.

घनचक्कर
हे त्या गड्याला दाखवणार नाही. आधीच डोक्यावर बसलाय.

चिंगी
आमच्या कन्येचा प्रश्न, चमकणाऱ्या बर्फावर अस्वलाची पिल्लं झोपतात कशी? डोळ्यांवर उजेड येत असेल ना. तिच्या जगात बर्फाला बटण आहे, आई अस्वल बंद करते. मशीन वाजलं, कपडे वाळत घालून येते, मोठं लिहायचंय

पानगळ
त्या वह्या आहेत का कुणाकडे अजून? आमच्या घर बदलताना गेल्या. नकाशा होता, त्यात मला न आवडणाऱ्या सगळ्या बाई एका बेटावर टाकल्या होत्या. बर्फ नव्हता पण. सॉरी.

निशाचर
पानगळ, बेटाचं सांगा की!

अजूनही_जागा
खडूसरावांच्या ऊर्जेसाठी लिहितोय, लांबेल.

खरा चमकणारा बर्फ दक्षिण ध्रुवावर आहे. आईसक्यूब, न्यूट्रिनो टिपणारी वेधशाळा. एक घन किलोमीटर बर्फात 5160 प्रकाशमापक पुरलेत, 1450 ते 2450 मीटर खोल. काम 2010 मध्ये पूर्ण झालं. तिथे दाबामुळे हवेचे बुडबुडे उरत नाहीत, बर्फ विलक्षण नितळ असतो. अवकाशातून न्यूट्रिनो नावाचा अतिसूक्ष्म कण येतो, बहुतेक वेळा आरपार जातो, क्वचित एखादा बर्फातल्या अणूवर आदळतो. त्यातून निघालेले कण बर्फातल्या प्रकाशापेक्षा वेगानं पळतात (बर्फात प्रकाश निर्वातातल्या वेगाच्या साधारण पाऊणपटीनं जातो) आणि मागे निळा प्रकाश सोडतात. चेरेन्कोव्ह प्रारण, त्याला 1958 चं नोबेल आहे. डोळ्यांना काही दिसणार नाही, फार पुसट असतं. पण कुठल्या मापकाला उजेड आधी दिसला यावरून न्यूट्रिनो आकाशात कुठून आला ते काढता येतं.

यावरूनच कादंबरी सुरू केली होती. बर्फाखाली राहणारी माणसं, आकाश कधी न पाहिलेली. वरचं सगळं त्यांना या लखलखाटावरूनच कळतं. तारा मेला की त्यांच्याकडे सण. कोणता तारा हे ठरवण्यावरून दोन घराण्यांत पिढीजात वैर.

खडूस
ही ऊर्जा मान्य. कादंबरी कुठे वाचायला मिळेल?

अजूनही_जागा
दोन प्रकरणं झालीत. तिसरं चालू आहे.

भटकी
कधीपासून चालू आहे ते विचारू नका कुणी, मी विचारून बसलेय 😄

वाटसरू
माझा दादा आणि मी. आमच्याकडचा बर्फ आवाजानं उजळायचा, कुजबुजलं तर फिकट, ओरडलं तर पांढराफेक. एका खोलीत झोपायचो, दिवे गेल्यावर तो म्हणायचा "बोल, अंधार होतोय." मग काहीही बडबडायचं. शाळेतलं, क्रिकेटचं, शिव्या. तो गेला त्याला बराच काळ झाला. हे कुणाला सांगितलं नव्हतं कारण सांगण्यासारखं काय आहे त्यात. निहारवाडा वाचून आठवलं.

पानगळ
वाटसरू 🙏 दादाला शिव्या कोणत्या यायच्या तेही लिहा कधीतरी.

वाटसरू
इथे छापण्याजोग्या नाहीत. बर्फ मात्र लख्ख व्हायचा.

चिंगी
आले. मोठं काय लिहायचं होतं ते विसरले. पण ते अंधारात साखर चिरडली की ठिणगी दिसते ते खरंय का? कन्या मागे लागलीय

अजूनही_जागा
खरंय. साखरेचा मोठा खडा घ्या, खोलीत पूर्ण काळोख करा, डोळे सरावू द्या, मग पकडीनं फोडा. क्षणभर निळसर दिसतं. स्फटिक तुटताना विद्युतभार वेगळे होतात, ते पुन्हा जुळताना हवेतला नायट्रोजन चमकतो.

खडूस
तिसरं प्रकरण लिहा.

घनचक्कर
निशाचर, तुमचा ठशांचा नियम माझ्या खेळात ढापू का? मीठचोर पकडायचेत.

निशाचर
ढापा! धाकट्याला कळवते, खूश होईल.

घनचक्कर
एकाकडे उडणारा घोडा आहे पण. त्याचं काय?

निशाचर
निहारवाड्यात उडायला बंदी होती. का ते विचारायचं नाही, सातवीतल्यानं केलेला कायदा आहे.