फौजेतल्या डॉक्टरांनी नागरी आरोग्याचं धोरण ठरवावं का?

निवृत्त आरोग्य सहायक, हिंगणा रोड

नागपुरात मिहानमधल्या एम्सच्या संचालक म्हणून मेजर जनरल विभा दत्ता होत्या. मेडिकल आणि मेयो या इथल्या दोन सरकारी वैद्यकीय कॉलेजांतल्या पोरांच्या परीक्षा घेणाऱ्या आरोग्य विद्यापीठाच्या कुलगुरू म्हणून 2021 मध्ये लेफ्टनंट जनरल माधुरी कानिटकर आल्या. तेव्हापासून आमच्या सकाळच्या फिरण्यात एकच वाद चालतो: फौजी डॉक्टरांना इकडे कशाला आणता? माझं म्हणणं, जरूर आणा. संस्था चालवायला तर आणाच, धोरण ठरवायलाही बसवा.

मी जिल्हा परिषदेत नोकरी केली. आमच्या पीएचसीला, म्हणजे प्राथमिक आरोग्य केंद्राला, फौजेत पाच वर्षं काढलेले एक डॉक्टर मिळाले. पहिल्याच पावसाळ्यात त्यांनी कपाटातून हॉरॉक्सची पेटी काढली, विहिरीत पावडर किती टाकायची ते ठरवणारी. एक काळा कप, सहा पांढरे. काळ्यात टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग पावडरचं द्रावण, पांढऱ्यांत विहिरीचं पाणी. पहिल्या कपात द्रावणाचा एक थेंब, दुसऱ्यात दोन, असं सहापर्यंत. अर्धा तास थांबून सूचक घालायचं; क्लोरीन उरलं असेल तर पाणी निळं होतं. तिसऱ्या कपापासून निळं दिसलं, तर 455 लिटरला 6 ग्रॅम पावडर. तोवर आम्ही अंदाजानं डबा रिकामा करत होतो! ही पद्धतच मुळात ब्रिटिश लष्करातल्या डॉक्टरची. पलटणीचा डॉक्टर आजाऱ्याच्या आधी लंगर बघतो: आचाऱ्याची नखं, पाण्याची टाकी, संडास. आपल्याकडे डॉक्टर म्हणजे ओपीडी आणि औषधाची चिठ्ठी. ही नजर वर बसलेल्या माणसाला हवी.

माजी समाजसेवा अधीक्षक

काका, पेटीबद्दल वाद नाही. पण पलटणीतला जवान तरुण असतो, निवडून घेतलेला असतो, आणि सांगितलं की रांगेत उभा राहतो. आमच्या वॉर्डात बालाघाट, छिंदवाडा, गडचिरोलीहून माणसं यायची. एका मुलीच्या आईला सिकलसेल या आनुवंशिक रक्तविकाराची तपासणी करून घ्या म्हणून मी तीन वेळा समजावलं. तिसऱ्यांदा ती म्हणाली, "बाई, कागदावर आलं तर पोरीचं लग्न मोडते." ही भीती हुकमानं जाते का?

आणि 1897 चं पुणं विसरू नका. रँडच्या प्लेग समितीत लष्करातला सर्जनही होता, घरझडतीला गोरे सोल्जर होते. लोकांनी आजारी माणसं लपवली, दवाखान्याचीच दहशत बसली. 22 जूनला रँडवर गोळी झाडली गेली, ती काही औषधाच्या रागानं नव्हे. लोकांच्या स्वयंपाकघरात, देवघरात बूट घालून शिरल्याचा तो राग होता.

कामठीकर

ताई, रँड डॉक्टर नव्हता जी, मुलकी अधिकारी होता. त्याचं पाप फौजेतल्या डॉक्टरच्या माथी काऊन मारता? माझे वडील हवालदार होते. सूर्य मावळला की बाह्या खाली, मच्छरदाणी बांधलेली. गावी सुट्टीवर आले तरी तसंच करत. धाकानं सुरू झालं असेल, पण अंगवळणी पडलं ना!

पीएसएम (रोगप्रतिबंधक व सामाजिक वैद्यक) शिकवणारा

नाव घ्यायचंच तर साहिबसिंग सोखी यांचं घ्या. इंडियन मेडिकल सर्व्हिसमधले अधिकारी, पुढे मेजर जनरल. 1932 मध्ये परळच्या हाफकिन संस्थेचे पहिले भारतीय संचालक झाले. प्लेगची लस सुधारली, सल्फा औषधं प्लेगवर तपासली, आणि औषधं देशातच बनली पाहिजेत म्हणून आयुष्यभर भांडले. नंतर जागतिक आरोग्य संघटनेत, मग राज्यसभेत. 1938 च्या राष्ट्रीय नियोजन समितीच्या आरोग्य उपसमितीचे अध्यक्षही तेच. दर 1000 लोकांमागे एक प्रशिक्षित आरोग्य कार्यकर्ता असावा, ही त्यांच्या उपसमितीची शिफारस. आज तुमच्या गल्लीत रजिस्टर घेऊन फिरणारी आशाताई 2005 मध्ये याच हिशोबानं आली. गावच्या बाईच्या हाती आरोग्य द्यायचा विचार एका फौजी डॉक्टरानं पुढे नेला, हे मला फार मोलाचं वाटतं.

माजी समाजसेवा अधीक्षक

सोखींपुढे हात जोडते. पण सर, 1940 च्या आगेमागे मांडलेली गोष्ट 2005 पर्यंत रखडली. ती जमते हे आधी कुणी दाखवलं? आपल्याच नागपूरच्या मेडिकलमध्ये शिकलेल्या अभय बंगांनी आणि राणी बंगांनी, गडचिरोलीच्या 39 गावांत. आरोग्यदूत बाया घरोघरी जाऊन नवजात बाळाचा श्वास मोजायच्या, वजन करायच्या. 1999 मध्ये ते निष्कर्ष लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात आले: नवजात मृत्यू 62 टक्क्यांनी कमी. तिथे कुणी कुणाला सॅल्यूट ठोकत नव्हतं. गावानं आधी सांगितलं काय हवं ते, मग काम उभं राहिलं.

निवृत्त आरोग्य सहायक, हिंगणा रोड

बंगांचं काम मी जवळून पाह्यलं आहे, एका शब्दानं उणं बोलणार नाही. पण बाई, बाळाचा श्वास मोजणं, रोज मोजणं, लिहून ठेवणं, हेच तर मी म्हणून राहिलो. आमचे ते डॉक्टर बदलून गेल्यावर पेटी पुन्हा कपाटात गेली. पुढच्या पावसाळ्यात खालच्या टोलीत, म्हणजे वस्तीत, हगवण लागली, दोन लेकरं सलाईनवर. विहिरीत पावडर किती टाकली, हे रजिस्टरमध्ये कुणी लिहिलंच नव्हतं. मीही नाही.

माजी समाजसेवा अधीक्षक

काका, हे वाचून वाईट वाटलं. पाण्याचं, नोंदींचं तुमचं म्हणणं मला पटतं. धोरणाच्या खुर्चीचं अजून नाही. जनरल असो की सिव्हिल सर्जन, त्या खुर्चीत बसायच्या आधी त्यानं एक वर्ष एखाद्या उपकेंद्रात काढावं. एएनएमसोबत, म्हणजे उपकेंद्रातल्या नर्ससोबत, टोलीत जावं, आणि त्या आईसमोर बसून तिची लग्नाची भीती ऐकून घ्यावी. एवढं केलं तर माझा विरोध संपला.

कामठीकर

एक वर्ष काय, दोन ठेवा ताई. पलटणीतला डॉक्टर सियाचिनला जाते, टोलीत नाही जाणार का?