मदत हवी आहे: माझी धूमपोथी नववीतल्या बहिणीने एका संध्याकाळी फोडली

नमस्कार मंडळी, चोपड्याहून लिहितोय. गेलं दीड वर्ष एक फॅन्टसी कादंबरी लिहिणं चाललंय (होईल तेव्हा होईल), त्यात एक जुनी पोथी आहे, धूमपोथी. वेरणगडच्या मठातले लोक ती नुसती उघडून वाचत नाहीत, निंबाच्या पाल्याच्या धुरावर धरतात मग चिन्हं हळूहळू काळी होऊन वर येतात असं काहीतरी. पानं केळीच्या खोडाच्या धाग्याची. हसू नका, रावेरकडे मामाच्या मळ्यात घड उतरल्यावर पडलेली खोडं बघत मोठा झालोय, मला भूर्जपत्र कुठून सुचणार.

तर मी प्रत्येक अक्षराला एक आणि प्रत्येक मात्रेला एक अशी चिन्हं काढली, विंचू, अर्धा सूर्य, सात टिंबांचं कडं वगैरे, आणि त्यात एक अख्खं पान शाप लिहिला. चहाच्या पाण्यात बुडवून वाळवलं, कडा मेणबत्तीवर जाळल्या. मोठीमायने ते बघितलं आणि "हाई काय शे रे? कोनी करनी करी शे का?" म्हणत मला ते उंबऱ्याबाहेर ठेवायला लावलं. तेव्हा वाटलं जमलं आपल्याला.

पण मग नववीतली बहीण ते घेऊन बसली आणि रात्रीच्या जेवणाआधी सगळं वाचून दाखवलं!! म्हणे दादा, तुझं जवळपास प्रत्येक वाक्य त्याच तीन चिन्हांवर संपतं, ते 'आहे' असणार. झालं, आ, ह आणि मात्रा हातात. मग आ ने सुरू होणारा अजून एक तीन चिन्हांचा शब्द सारखा मधे मधे येतोय, तो 'आणि'. सगळ्यात जास्त वेळा आलेलं चिन्ह काना. पुढचं तिने शब्दकोडं भरावं तसं भरलं. मी चिडून तोच मजकूर अहिराणीत केला तर पाच मिनिटांत हसायला लागली, सगळी वाक्यं 'शे' वर संपत होती.

आता अडचण अशी की नुसती अर्थ नसलेली चिन्हं काढायची नाहीयेत, कारण चौदाव्या प्रकरणात नायिका ती पोथी खरंच वाचते आणि वाचणाऱ्यालाही तिच्याबरोबर वाचता आली पाहिजे, पण तेराव्यापर्यंत नाही. काय करू?

तापीकाठचा: आधी शब्दांमधली जागा काढून टाक भाऊ. घरात कुणाकडे जमिनीचे जुने मोडी कागद असतील तर बघ, आधी ओळभर आडवी रेघ मारायचे मग तिला अक्षरं लटकवत जायचे, शब्द कुठे तुटतो ते ज्याचं त्याने ओळखायचं. ऱ्हस्व-दीर्घाची भानगडच नाही, एकच वेलांटी एकच उकार. वाक्य कुठे संपतं तेच कळलं नाही तर ताई 'आहे' शोधणार कशी.

काना_मात्रा: काना हाच तुझा फितूर आहे. त्याला एक चिन्ह नको, सहा दे, आलटून पालटून वापर. आ ला पण तीन-चार. म्हणजे मोजणी करून हाती काही लागत नाही. वर दोन-तीन चिन्हं अशी ठेव ज्यांना काहीच अर्थ नाही, नुसती भरती. फक्त मग मजकूर जास्त लागेल, एका पानात कुणालाच फुटणार नाही, तुझ्या नायिकेलाही नाही. आणि मुळात शाप 'आहे' वर संपतोच कसा रे? शाप म्हणजे 'होवो', 'जावो', 'जळो'. तुझा शाप तलाठ्याच्या पंचनाम्यासारखा वाटतोय.

धुळेकर: वरच्यांचं बरोबर आहे, पण खरं उदाहरण आपल्या मराठीतच आहे की. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा लिप्यांत लिहून ठेवले, पंथाबाहेरच्या माणसाला शेकडो वर्षं ते वाचता येत नव्हते. २०व्या शतकाच्या सुरुवातीला वि. का. राजवाडेंनी सकळ लिपी उलगडली. तेच राजवाडे जे १९२६ ला आमच्या धुळ्यात वारले, त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ इथेच आहे, जुन्या पोथ्या कशा दिसतात ते बघायला ये एकदा. मुद्दा असा की तिथे किल्ली पंथातल्या माणसांकडे होती. तुझ्या मठात किल्ली कुणाकडे आहे? ते ठरलं की नायिकेला कुणाच्या दारात जायचं ते आपोआप ठरेल.

अजून एक. चाळीसगावजवळ पाटण्याला १२०७ चा शिलालेख आहे, भास्कराचार्यांच्या नातवाने, चांगदेवाने, आजोबांचे ग्रंथ शिकवायला मठ काढला त्याचा. वर सगळं भारदस्त संस्कृत, आणि खाली मराठीत काय, तर बाजारातल्या मालावरचा मठाचा वाटा आणि घाण्यामागे पळी पळी तेल. जुनं लिखाण असं असतं. तुझी पोथी पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत गूढच आहे, म्हणून ती खोटी वाटते.

धागाकर्ता: धुळेकर, हे भारी आहे!! शाप वर, तेलाचा हिशेब खाली, आणि नायिका तेल्याची पोर करतो. तिला मंत्र कळणार नाहीत पण हिशेबाची मांडणी बघूनच कळेल, तीच तीन चिन्हं दोनदा लागोपाठ म्हणजे 'पळी पळी'. तिथून सुरुवात.

अपडेट: जागा काढल्या, कान्याला सहा चिन्हं दिली, शाप 'जळो' वर नेला. बहीण तीन दिवस बसलीये आणि आता म्हणतेय एका पानात होणार नाही, अजून चार पानं दे. म्हणजे चार पानांचा तेलाचा हिशेब मलाच लिहावा लागणार. कुणाच्या घरी घाणी होती का? एका घाण्यातून दिवसाला तेल किती निघायचं ते सांगा, आकडे उगाच ठोकून दिले तर ही पोरगी तेही पकडेल.