चर्चा: पावसाळ्यात ओला कचरा परसात जिरवावा, की घंटागाडीला द्यावा?

खाडीकाठ:
ओला कचरा परसातच जिरवा, हा सल्ला घाटावर चालेल. इथे कोकणात चार महिन्यांत ३,००० मिलिमीटरच्या आसपास पाऊस कोसळतो. खड्ड्यात वरून पाणी, खालूनही पाणी. हवा संपली की कचरा कुजत नाही, सडतो. त्यात बांगड्याची डोकी-आतडी पडली की दोन दिवसांत अळ्या आणि कुत्री. जून ते सप्टेंबर सगळं गाडीला द्यावं. वेंगुर्ला नगरपरिषदेनं ओल्या कचऱ्यावर बायोगॅस चालवून दाखवलाच आहे.

पातेरा:
दोष पावसाचा नाही, खड्ड्याचा. पावसाळ्यात खणायचंच नाही, जमिनीच्या वर रचायचं. एका चिऱ्याच्या (जांभ्या दगडाच्या) उंचीचा चौथरा, त्यावर सांधे न भरता रचलेल्या चिऱ्यांचा ३ × ३ × ३ फुटांचा हौद. तळाला नारळाची सोडणं, वर पत्रा, तोही चारी बाजूंनी दीड-दोन फूट बाहेर आलेला. झावळांचं छप्पर गळतं. एक बादली ओल्याला दोन ते तीन बादल्या सुका पातेरा, म्हणजे झाडांची गळलेली पानं.

खरी गोम इथेच आहे. मे महिन्यात लोक पातेरा जाळून टाकतात आणि जुलैत भिजलेला घालतात. तो पाणी काय शोषणार? मेमध्येच पोत्यांत भरून पडवीत ठेवायला हवा. मासळीची घाण ढिगाच्या मधोमध, वर वीतभर पातेरा. मुठीत दाबल्यावर बोटांतून पाणी गळलं तर पातेरा कमी पडला.

खाडीकाठ:
परस आणि पडवी असलेल्यांचं हे झालं. ब्लॉकमधल्यांनी (फ्लॅटमधल्यांनी) चौथरा कुठे बांधायचा? आणि तिसऱ्यांची (खायच्या शिंपल्यांची) कवचं वर्षभर तशीच राहतात, त्यांचं काय?

पातेरा:
ब्लॉकवाल्यांनी गाडीलाच द्यावं, मान्य. कवचं मात्र हौदात टाकायचीच नाहीत. धुऊन, वाळवून, कुटून माडाच्या आळ्यात घाला. जांभ्याची माती आम्ल असते, तिला कवचांतला चुना हवाच असतो.

न्हाणीघर:
दोघंही ओल्यावरच अडलात. न्हाणीच्या चुलीत करवंट्यांसोबत तेलाच्या पिशव्या आणि औषधाच्या गोळ्यांची पाकिटं जातात, त्यावर कोणी बोलत नाही. त्या पाकिटांत बऱ्याचदा पीव्हीसी प्लास्टिक असतं. ते जळलं की हायड्रोजन क्लोराईड या घातक वायूचा धूर, आणि तीच राख पुढे आळ्यात! दुधाची पिशवी धुऊन वाळवली तर भंगारात जाते; कापताना कोपरा मात्र तोडून टाकू नका, तेवढा तुकडा कुणाच्या हाती लागत नाही. वेफरचं आतून चकचकीत पाकीट भंगारवाला घेत नाही, कारण त्याचे थर सुटे होत नाहीत. ते वेगळं बांधून गाडीला द्यायचं.

खाडीकाठ:
पावसात पिशव्या वाळतात कुठे?

न्हाणीघर:
चुलीच्या वर, हातभर अंतर ठेवून दोरी बांधा. पिशवी उलटी, तोंड खाली.

पातेरा:
हातभर नको, दोन हात. जाळ मोठा झाला तर पिशवी वितळून चुलीतच पडेल.