त्या वाक्यापाशी पुस्तक बाजूला ठेवलं होतं

कुमारवयीन वाचकांसाठी लिहिलेल्या डिस्टोपियन (जुलमी, बिघडलेल्या भविष्यातल्या समाजाच्या) कादंबऱ्या आपल्यापैकी बऱ्याच जणांनी शाळेत असताना अभ्यासाच्या पुस्तकाआड आणि मोठेपणी उजळ माथ्याने वाचल्या आहेत. त्यातलं आशेचं किंवा बंडाचं एखादं वाक्य डोक्यात रुतून बसलं असेल तर इथे लिहा. नुसतं वाक्य डकवू नका. ते कोण कुणाला म्हणतं, कुठल्या प्रसंगात म्हणतं आणि तुमच्या आयुष्यात ते कधी उपटलं, तेही येऊ द्या. शेवट फुटणार आहेत, तेव्हा न वाचलेल्यांनी जपून.

सुरुवात मी करते. 'द हंगर गेम्स', 2008. कॅपिटल, म्हणजे सत्ताधारी राजधानी, दरवर्षी डिस्ट्रिक्टांतल्या मुलांना एकमेकांना मारायच्या खेळात उतरवते; पीटा आणि कॅटनिस त्यातलेच दोघे. खेळाच्या आदल्या रात्री गच्चीवर पीटा कॅटनिसला सांगतो की मरायचंच असेल तर मला मी म्हणूनच मरायचंय. मी त्यांच्या खेळातली नुसती सोंगटी नाही, एवढं कॅपिटलला दाखवता आलं तर हवंय. चोवीस मुलं आत जाणार, बाहेर एकच येणार, आणि तो एक आपण नसणार याची त्याला खात्री आहे. कॅटनिसला हे सगळे चोचले वाटतात. ती म्हणते, जिवंत कसं राहायचं ते बघ. कॉलेजात असताना मीही तिच्याच बाजूची होते.

पुढे नोकरीत एका ज्युनिअर मुलीविरुद्ध आधीच टाइप करून ठेवलेल्या निवेदनावर आम्हा सगळ्यांच्या सह्या मागितल्या गेल्या. मी केली नाही. त्याने काहीही बदललं नाही. तिची नोकरी गेली आणि माझी बढती लांबली. पण पेन खाली ठेवताना गच्चीवरचा तो मुलगा आठवला होता, हे खरं.

*

छान धागा. एक खुसपट काढतो, राग मानू नये. 'भीतीपेक्षा ताकदवान एकच गोष्ट, आशा' हे वाक्य टी-शर्टापासून मोबाइलच्या कव्हरापर्यंत सगळीकडे दिसतं. ते पुस्तकात नाही, 2012च्या सिनेमात आहे. पुस्तकात असणंही कठीण, कारण तिथे सगळी गोष्ट कॅटनिसच्या तोंडून येते आणि हे संभाषण तिच्या पाठीमागे चालतं. बोलतो कोण? हुकूमशहा स्नो. गुलाबांच्या बागेत, खेळ चालवणाऱ्या अधिकाऱ्याला समजावतो: थोडी आशा उपयोगी पडते, जास्त झाली की धोकादायक, ठिणगी आवाक्यात ठेव. म्हणजे हा कारभाराचा धडा आहे. पाण्याचा नळ किती सोडायचा, तसं. मला ते वाक्य आवडतंच, पण ज्याच्या तोंडी आहे त्याच्यासकट. आशेची खरी किंमत तिला घाबरणाऱ्यालाच नेमकी कळलेली असते.

*

मी आठवीच्या मुलांना शिकवते. लोइस लोवरीचं 'द गिव्हर' (1993) आम्ही वर्गात मोठ्याने वाचलं. जोनस नावाच्या मुलाच्या समाजात वेदना नाही, रंग नाहीत, निवड नाही. सगळ्यांच्या वाटच्या आठवणी एकट्या म्हाताऱ्याने सांभाळायच्या आणि पुढे जोनसकडे सोपवायच्या. तो म्हणतो, आठवणी बाळगण्यात सगळ्यात वाईट वेदना नाही, एकटेपणा आहे. आठवणी वाटून घ्यायला हव्यात.

वर्गात एक मुलगी आहे, हजेरीपलीकडे तिचा आवाज कुणी फारसा ऐकलेला नाही. तिने विचारलं, "बाई, मग तो जोनसबरोबर पळून का जात नाही?" मी काही बोलायच्या आत मागच्या बाकावरून उत्तर आलं, "अगं, जोनस गेला की आठवणी सगळ्या लोकांवर येऊन पडणार. त्यांना सांभाळायला कुणीतरी नको?" त्यावर जी चर्चा पेटली ती मधली सुट्टी संपली तरी चालू होती. पळणारा शूर की थांबणारा? मुलांचे सरळ दोन तट पडले. ती मुलगी थांबणाऱ्याच्या बाजूने भांडत होती, चांगल्या चढ्या आवाजात.

आपण बंड म्हटलं की तोडणारा, पेटवणारा माणूस डोळ्यांपुढे आणतो. बंडानंतर लोकांजवळ बसणारा माणूस या म्हाताऱ्याइतका क्वचितच कुठे भेटतो.

*

मला या वाक्यांचा एकंदरीत कंटाळा आहे, स्पष्टच सांगते. निवडलेली एक पोरगी, एक खूण, एक घोषणा, की झाली क्रांती. पण 'हंगर गेम्स' मालिकेतल्या तिसऱ्या पुस्तकाने, 'मॉकिंगजे'ने (2010), मला गप्प केलं. बंडखोरांचा डिस्ट्रिक्ट 13 कॅटनिसला मेकअप करून स्टुडिओत उभी करतो आणि लिहून दिलेली घोषणा म्हणायला लावतो. इतकं भिकार होतं की तिचा मार्गदर्शक हेमिच म्हणतो, क्रांती मरते ती अशी. मग तो सगळ्यांना बसवून विचारतो, हिने तुम्हाला खरोखर कधी हलवलं होतं? बहिणीच्या जागी स्वतः पुढे झाली तेव्हा, खेळातली तिची छोटी साथीदार रू मरत असताना तिच्यासाठी गाणं म्हटलं तेव्हा. एकाही वेळी कुणी तिला वाक्य लिहून दिलेलं नव्हतं.

नंतर डिस्ट्रिक्ट 8मध्ये जखमींनी भरलेल्या दवाखान्यावर कॅपिटल बॉम्ब टाकतं, आणि धुरातून ती कॅमेऱ्याकडे बघून ओरडते: आम्ही जळलो तर आमच्याबरोबर तुम्हीही जळाल. ते वाक्य पेटतं. आणि बंडखोर लगेच त्याचीच जाहिरात करतात! लेखिकेने स्वतःच्या सर्वांत गाजणाऱ्या वाक्याभोवतीच हा काटा पेरून ठेवलाय. तेवढ्यासाठी तिला सगळं माफ.

*

वरच्या ताईंना अनुमोदन. अवांतर होईल, पण त्या मालिकेतली सगळ्यात लांब पोचलेली गोष्ट वाक्य नाहीच, तीन बोटं आहेत. पुस्तकात ती कॅटनिसच्या डिस्ट्रिक्ट 12ची जुनी, फारशी न वापरली जाणारी खूण आहे, अधूनमधून अंत्ययात्रेत दिसणारी. कौतुक, आभार आणि आवडत्या माणसाचा निरोप, हे सगळं त्यात. 2014मध्ये थायलंडमध्ये लष्कराने सत्ता घेतली तेव्हा लोकांनी रस्त्यात ती बोटं उंचावली, काहींना त्यासाठी पकडलं गेलं. 2021मध्ये म्यानमारमध्येही तेच. निरोपाची खूण विरोधाची झाली.

*

फिनिकचं, म्हणजे कॅटनिससारखाच खेळ जिंकलेल्या तिच्या साथीदाराचं, वाक्य कुणीच कसं लिहिलं नाही? 'मॉकिंगजे'मध्येच. तो कॅटनिसला सांगतो, कोसळायला लागतो त्याच्या दहापट वेळ स्वतःला पुन्हा जोडायला लागतो. फिनिक त्या वेळी स्वतः पार मोडलेला आहे. हातात दोरीचा तुकडा, दिवसभर गाठी मारायच्या आणि सोडायच्या, बस.

बाबांना अर्धांगवायूचा झटका आल्यावर फिजिओथेरपिस्टने त्यांना जाड नाडीच्या गाठी सोडवायला दिल्या होत्या. उजव्या हाताची बोटं वळायची नाहीत. नाडी घसरून मांडीवर पडायची, मी उचलून द्यायचो, ते चिडून ढकलून द्यायचे. "जमत नाहीये, घेऊन जा ते." एकदा त्यांना फिनिकची गोष्ट सांगितली. बाबांनी आयुष्यात कादंबरी वाचलेली नाही. म्हणाले, "दहापट? म्हणजे अजून बराच वेळ आहे की माझ्याकडे." आणि नाडी मागून घेतली.

धीर देणारी वाक्यं मी त्या काळात खूप ऐकली. 'लवकर बरे व्हाल' म्हणणाऱ्यांचा राग यायचा. हे वाक्य वेळ लागेल म्हणतं, म्हणून चाललं.

*

पॅट्रिक नेसच्या 'द नाइफ ऑफ नेव्हर लेटिंग गो'मधला टॉड. त्याच्या मते आशा तुम्हाला पुढे ओढते खरी, पण ती धोक्याची आणि दुखरी असते, जगाला दिलेलं आव्हान असते. आणि असल्या आव्हानात जगाने आपल्याला कधी जिंकू दिलंय? हे म्हणणाऱ्या पोराला धड वाचताही येत नाही. आईने त्याच्यासाठी लिहून ठेवलेली वही तो उराशी बाळगून पळतो आणि शेवटी त्याच्याबरोबर पळणारी मुलगी व्हायोला त्याला ती वाचून दाखवते. तो प्रसंग मी बसमध्ये वाचला आणि उतरायचा थांबा गेला.

*

पुन्हा 'द गिव्हर'कडे येते, कारण आमच्या घरात त्यावरून भांडण आहे. शेवटी जोनस तान्ह्या गॅब्रिएलला घेऊन बर्फातून घसरगाडीवर खाली जातो, दिवे दिसतात, गाणं ऐकू येतं. पोचला की गारठून गेला? पुस्तक सांगत नाही.

मी आईला वाचायला दिलं. तिने रात्रीत संपवलं आणि सकाळी जाहीर केलं, "पोचला." मी म्हटलं, "आई, तसं लिहिलेलं नाहीये." ती म्हणाली, "लिहायची गरज काय? ज्याने पोराला मारायला नेणाऱ्यांच्या हातून सोडवलं, तो मधे मरतो होय!" माझं म्हणणं, माहीत नसताना तो निघतो यातच सगळी गंमत आहे. लेखिकेने पुढच्या पुस्तकांत जोनस जिवंत असल्याचं दाखवलं, ते मला मुळीच आवडलं नाही. आईला ही बातमी मी अजून दिलेली नाही. दिली तर पुढची दहा वर्षं 'बघ, मी म्हटलं नव्हतं?' ऐकावं लागेल.

इथे कोण कुणाच्या बाजूचं आहे ते सांगा. आणि आईच्या बाजूचे असाल तर कारण द्या, नुसतं '+1' चालणार नाही.