बाबांच्या बंद मागावर परफॉर्मन्स करायचाय, कुठून सुरू करू?

मागवाली:
नमस्कार, मी बेळगावच्या वडगावची, फाइन आर्टच्या दुसऱ्या वर्षाला आहे. घरात खड्ड्याचा हातमाग आहे, बाबा त्यावर साड्या विणायचे, आता वर पोती टाकलीत. निखिल चोप्रा या परफॉर्मन्स आर्टिस्टचं काम बघितल्यापासून डोक्यातनं जाईना झालंय. माणूस लोकांसमोरच जेवतो, झोपतो, कपडे बदलतो आणि कोळशानं मोठंच्या मोठं निसर्गचित्र काढत राहतो, 2019 ला न्यूयॉर्कच्या मेट म्युझियममध्ये तर 9 दिवस. मला आमच्या मागावर तसं काहीतरी करायचंय, व्हिडिओ पण पाहिजे. पण आई विचारते संपल्यावर उरणार काय, भिंतीला काय टांगणार, आणि मला उत्तर देता येईना.

चोर्ल्यापलीकडचा:
अगं तो गोव्यातच असतो की, तिथं त्यांची एचएच आर्ट स्पेसेस म्हणून जागा आहे. त्याचं योगराज चित्रकार हे पात्र आलंय त्याच्या आजोबांवरून, ते निसर्गचित्रं काढायचे. त्यानं आजोबा घेतले, तू बाबा घे, त्यात चुकीचं काही नाही. आणि आईला सांग, उरतं. कोळशाचं चित्र उरतं, मळलेले कपडे उरतात, तो ते नंतर मांडतो पण. फक्त एक कर, विणकर असल्याची अॅक्टिंग करू नकोस, खरंच विण, चुकलं तर उसव, लोकांसमोरच उसव.

शहापूरकर काका:
बाळ, आपल्या शिवजयंतीच्या चित्ररथावर पोरं रात्रभर सजीव देखाव्यात उभी असतात. माझा थोरला मावळा झालेला, हात वर धरून, पहाटे घरी आल्यावर खांदा हलत नव्हता त्याचा. तिथं गोष्ट लोकांना आधीच माहीत असते, तुझ्यात ती नसणार, म्हणून लोक तुझ्या हाताकडंच बघतील. हात तयार ठेव.

स्टँडवरचा कॅमेरा:
व्हिडिओचं सांगतो. नलिनी मालानी बघ, मुंबईच्या जेजे स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेली चित्रकार, 2012 ला जर्मनीत कासेलच्या डॉक्युमेंटा या मोठ्या कलाप्रदर्शनात तिनं मायलरचे, म्हणजे पातळ पारदर्शक प्लास्टिकचे, सिलिंडर रंगवून छताला टांगले, ते फिरतात, त्यांच्यातनं प्रोजेक्टरचा उजेड जातो आणि सावल्या भिंतीवर व्हिडिओत मिसळतात. तुझ्याकडं तर ताणा आहे, मागावरचे ताणलेले उभे धागे! त्याच्या मागं एकच दिवा ठेव, धागे भिंतीवर पडतील, त्यात तुझे हात. कॅमेरा स्टँडवर एका जागी, मध्ये कट नको. आवाज मात्र वेगळा घे, धोट्याच्या (आडवा धागा नेणाऱ्या लाकडी नळीच्या) अगदी जवळ, मोबाइलवर लांबनं घेतलास तर नुसती खटखट येते, धोटा सरकतानाचा सरसर आवाज येत नाही.

मागवाली:
सगळ्यांना थँक्यू. काल बाबांना विचारलंच. काही बोलले नाहीत, पोती काढली, धोटा शर्टाला पुसला आणि माझ्या हातात दिला, अंगठा बसतो तिथं लाकूड झिजून गुळगुळीत झालंय. मग म्हणाले जुन्या ताण्याला नवे धागे एकेक करून जोडायला लागतील, एकटीला जमणार नाही, मी बसतो, तीन दिवस तरी जातील. कॅमेरा विणायला लागल्यावर लावू की हे जोडायच्या आधीपासनंच?

स्टँडवरचा कॅमेरा:
आधीपासनंच. आणि बाबांना फ्रेमच्या बाहेर बसवू नकोस.