पाटलाचा साचा: निळूभाऊंचं भांडवल की बेडी?

(चौघांची चर्चा; प्रत्येकाच्या मजकुरावर त्याचं टोपणनाव)

तिसरी घंटा

राज्य नाट्य स्पर्धेत बरं काम केलेल्या पोराला मालिकेत सरपंच किंवा सावकार मिळाला, की आपल्या कोल्हापुरात सल्ला ठरलेला: "घेऊ नको, शिक्का बसतोय." मला हा सल्ला साफ चुकीचा वाटतो. चरित्र अभिनेत्याला (नायक सोडून बाकीच्या भूमिका करणाऱ्याला) साचा, म्हणजे एकाच तऱ्हेची भूमिका परत परत, मिळणं हे धंद्याचा गाळा मिळण्यासारखं आहे. गाळ्यात काय विकायचं ते नंतर आपल्याला ठरवता येतं.

निळू फुल्यांचंच बघा. सेवा दलाच्या कलापथकातला माणूस, पुण्यात लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम करणारा. नाव झालं ते 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्यानं, आणि ते लिहिलं आपल्या पट्टणकोडोलीच्या शंकर पाटलांनी. 1968 साली 'एक गाव बारा भानगडी'तला झेलेअण्णा आला आणि तिथून पुढं पाटील, सरपंच, सावकार, चेअरमन यांची रांगच लागली. शंभरावर चित्रपट झाले. पण त्याच साच्यातून 'सामना'तला हिंदुराव धोंडे पाटील निघाला, ज्याला घेऊन तो चित्रपट 1975 साली बर्लिनच्या महोत्सवात गेला. हिंदुराव चित्रपटातल्या मास्तराला घरी ठेवून घेतो, दारू पाजतो, मानानं बोलतो. धाक आहे तो त्या पाहुणचारात. आधी पाटलांच्या भूमिकांत हात बसला नसता, तर इतकं कमी करून इतकं दाखवता आलं नसतं.

म्हणून म्हणतो, सरपंच घ्या. बिनधास्त घ्या.

मोरेवाडी नाका

तुम्ही जिंकलेल्या माणसाचं उदाहरण घेतलंय. आपल्याच गावचं दुसरं उदाहरण का सोडलं? गणपत पाटील. मेळ्यातून, नाटकातून घडलेला कसदार नट. तमाशापटात नाच्या केला, लोकांना तो इतका पटला की पुढं दुसरं काही द्यायला कुणी धजलं नाही. लोकांनी ती भूमिका त्यांच्या घरापर्यंत नेली आणि त्याचा त्रास बायकापोरांना झाला. तिथं साचा भांडवल होता का? मागणी तमाशापटांची होती. तमाशापट ओसरले, मागणी संपली.

दोघांतला फरक गुणवत्तेचा नव्हता. पाटील हा सत्तेचा माणूस. सत्ता बदलली की तोही बदलतो: आधी वतनदार, मग सरपंच, मग साखर कारखान्याचा चेअरमन, मग आमदार. लेखकाला त्याच्यात दर दहा वर्षांनी नवं काही सापडतं. नाच्या लिहिलाच गेला हशा काढायला, त्यामुळं तो जिथल्या तिथं राहिला. साचा घ्यायचा की नाही हे विचारण्याआधी एवढं बघावं: या भूमिकेला स्वतःचा निर्णय घ्यायचा प्रसंग आहे का? आजच्या मालिकेतला सरपंच बहुतेक वेळा नायिकेच्या सासऱ्याला "बघून घेईन" म्हणतो आणि जीपमधून निघून जातो. त्यात हात कसला बसणार?

विंगेतून

दोघांच्या वादात एक गोष्ट राहून जातेय. पोरं साच्यात अडकतात ती भूमिकेमुळं कमी, नकलेमुळं जास्त. सरपंच मिळाला की मान तिरकी, डोळा बारीक, आवाज खरखरीत. "बाई, वाड्यावर या" म्हणणारे नकलाकार गल्लोगल्ली आहेत. त्यांनी निळूभाऊंची तिरकी मान तेवढी उचलली, बाकी सगळं तिथंच राहिलं.

आधी आवाजाचं बोलू. निळूभाऊंचा खर काढायला नवशिके घसा आवळतात. अर्धी हवा तिथंच गळते, दुसऱ्या अंकापर्यंत आवाज बसतो, मग खाकरून खाकरून आणखी बिघडतो. तपासायची साधी रीत आहे. एका श्वासात साध्या आवाजात मोठ्यानं 20 पर्यंत आकडे म्हणा, मग तेच खरात म्हणा. खरात 12-13 ला दम संपत असेल तर तो आवाज प्रयोगाला वापरू नका. वाक्याआधी पोटातून श्वास घ्या, पट्टी अगदी थोडी खाली ठेवा, खर फक्त पहिल्या एक-दोन शब्दांना लावा आणि वेग कमी करा. बाकीचा खर प्रेक्षक स्वतःच ऐकतो.

दुसरं, वाक्याची शेपटी. आपल्या बोलीत वजन क्रियापदाच्या टोकाला असतं. "कुठं निघालाईस?" आणि "कुठं निघालाईसा, गुरुजी?" यात फरक एका 'सा'चा. पहिल्यात दम आहे. दुसऱ्यात मान देऊन वाट अडवलीय, आणि पाटील खरा तिथं दिसतो. रंगमंचावर शेवटचा शब्द गिळायची सवय असली तर तो 'सा' दहाव्या रांगेलाही पोचत नाही. कॅमेऱ्यासमोर याच्या उलटं होतं: तो 'सा' पोचवायला म्हणून ओरडला की मान दिल्याचं नाटक उघडं पडतं. लेपल माइक छातीवर असतो, दोन हातांवरच्या माणसाशी बोलतो तेवढाच आवाज पुरे.

पॉजचंही तसंच. प्रयोगात हशा आला की तो पूर्ण थांबायची वाट बघायची नाही, ओसरायला लागला की पुढचं वाक्य टाकायचं. शूटिंगला हशाच नाही, सगळं युनिट चिडीचूप. तिथं समोरच्याचं वाक्य संपल्यावर जरा मोकळी जागा ठेवून बोला. क्लोजअप चालू असताना त्याच्या वाक्यावर आपलं चढवलं तर एडिटरला कापायला जागा उरत नाही आणि परत टेक होतो. मास्टर शॉटमध्ये (सगळा प्रसंग एकत्र टिपणाऱ्या शॉटमध्ये) धोतराचा सोगा कोणत्या शब्दावर उचलला ते डोक्यात पक्कं ठेवा. क्लोजअपला तो दुसऱ्या शब्दावर उचलला तर जोड बसत नाही आणि तुमचा चांगला टेक बाद होतो. नाटकातल्या माणसाला हे सगळ्यात जड जातं, कारण त्याला दर प्रयोगाला नवं करायची मुभा असते.

तिसरी घंटा

'सा'चं अगदी पटलं. पण हे सगळं शिकायला पाटील करायलाच लागतो की! महिन्यातून दहा दिवस कॅमेऱ्यासमोर उभं राहिल्याशिवाय आवाजाचा अंदाज येत नाही.

आणि मोरेवाडी नाका, निळूभाऊंना कुणी अडवलं नाही हेही बघा. 1972 मध्ये रंगभूमीवर सखाराम बाइंडर, 1979 च्या 'सिंहासन'मध्ये दिगू टिपणीस. दिगू पत्रकार आहे, बराच वेळ दुसऱ्यांचं ऐकत असतो. पाटील करणाऱ्याला ऐकायची भूमिका मिळाली आणि त्यानं ती पेलली. त्याच चित्रपटात आपले अरुण सरनाईक मुख्यमंत्री. ग्रामीण चित्रपटांचा नायक, गाणारा माणूस, आणि खुर्चीत बसल्या बसल्या सगळं राज्य चालवतोय. शिक्का या दोघांवरही होता.

मोरेवाडी नाका

सखाराम बाइंडर हे माझ्याच बाजूचं उदाहरण झालं. 1972 पर्यंत चित्रपटात त्यांचा पाटील पक्का झाला होता, आणि साचा मोडायला त्यांना नाटकात यावं लागलं. ते नाटक सेन्सॉरनं अडवलं, कोर्टात गेलं, तरी केलं. दिगू मिळाला तो दोन्ही चित्रपटांचे दिग्दर्शक जब्बार पटेल यांनी आधी हिंदुराव करून घेतला होता म्हणून. साच्याबाहेर काढणारा दिग्दर्शक आणि लेखक लागतो, तो मागून मिळत नाही. नटाच्या हातात उरतं ते नाटक. मालिकेच्या तारखांनी तेच काढून घेतलं तर?

रंकाळ्याचा वारा

तारखांचा मुद्दा निघालाय तर पैशाचंही सांगते, कारण पोरं तिथंच फसतात. मालिकेत चरित्र भूमिकेचं मानधन दिवसावर. महिन्याचं बिल दिल्यावर साधारण 90 दिवसांनी पैसे, त्यातले 10 टक्के टीडीएस (आधीच कापला जाणारा आयकर) कापून. म्हणजे ऑक्टोबरचं काम जानेवारीअखेर हातात. कापलेला टीडीएस परत मिळवायचा तर विवरणपत्र भरायला लागतं, बरेच जण ते भरतच नाहीत. नाटकाची नाईट (एका प्रयोगाचं मानधन) कमी असते पण बहुधा त्याच रात्री मिळते. तीन महिन्यांचा घरखर्च बाजूला नसेल तर नोकरी सोडून मालिका धरू नये.

करारात तीन गोष्टी लिहून घ्या. महिन्याला किमान किती दिवस काम. तारखा किती दिवस आधी पक्क्या होणार, कारण कच्च्या तारखा नाटकाचे प्रयोग खातात आणि शेवटी रद्द होतात. आणि मिशी. हसू नका, मिशी महत्त्वाची आहे. मालिकेत एकदा झुपकेदार मिशी दिसली की ती कापता येत नाही, आणि तेवढ्यात आलेली कारकुनाची किंवा डॉक्टरची भूमिका हातची जाते. सुरुवातीलाच चिकटवायची मिशी मान्य करून घ्या. गोंदानं चामडी सोलते, पण चेहरा आपला राहतो.

कथानक वळलं की सरपंच "तालुक्याला" जातो तो जातोच. त्यामुळं किमान दिवसांचं कलम सोडू नका.

विंगेतून

ताईंची तिन्ही कलमं बरोबर. त्यात एक घाला: नोव्हेंबर-डिसेंबरात स्पर्धेचं नाटक असलं तर प्रयोगाचा दिवस आणि आधीचे दोन दिवस रंगीत तालमीला मोकळे. प्रॉडक्शनवाले हे आधी सांगितलं तर बऱ्याचदा ऐकतात, ऐनवेळी सांगितलं तर अजिबात नाही. आणि नाटकात सरपंच घेऊ नका. ज्याला तीन पानं बोलायचंच नाही असा माणूस मागून घ्या.

मोरेवाडी नाका

या अटींवर सरपंच घ्यायला माझी ना नाही. अटीशिवाय मात्र अजूनही नाही. आणि नाटकाचा आधार घ्या म्हणताना हेही ध्यानात असू दे की 1915 साली पॅलेस थिएटर म्हणून उभं राहिलेलं आपलं केशवराव भोसले नाट्यगृह 8 ऑगस्ट 2024 च्या रात्री जळालं. ज्या रंगमंचावर पोरांनी मान सरळ करून, साध्या आवाजात शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला शिकायचं, तो नसताना ती कॅमेऱ्यासमोर थेट उभी राहताहेत. तालमीला हॉल मिळतो, त्यात आवाज दहा फुटांवर भिंतीला आपटून परत येतो. अंदाज चुकतो तो तिथून.

तिसरी घंटा

हे मान्य. हॉलमध्ये तालीम करायची तर एकानं दार उघडं ठेवून बाहेर पटांगणात 60-70 फुटांवर उभं राहावं आणि प्रत्येक वाक्याचा शेवटचा शब्द ऐकू आला की हात वर करावा. हात वर गेला नाही तिथं पेन्सिलीनं खूण करून ते वाक्य परत. सरपंचाची वाक्यंही याच रीतीनं बसवा, मग सेटवर जाऊन निम्म्या आवाजात बोला.