अर्धे आकाश व्यापणारा तांबडा तारा: कल्पित विश्वातही हिशेब पाळावा का?

बालाघाटकर, अंबाजोगाई

गेली दोन वर्षे मी एक दीर्घ कल्पित कथा लिहीत आहे. तिच्यातील आरणी नावाचा ग्रह 'तांबेरा' या महाकाय तांबड्या ताऱ्याभोवती फिरतो. हा तारा उगवला की अर्धे आकाश व्यापतो आणि दिवसभर सारे काही कुंकवासारखे लाल दिसते. मात्र तेथील वर्ष बारा महिन्यांचेच आहे, चार महिने पाऊस आहे आणि आपल्यासारखीच जोंधळ्याची पेरणी आहे. (सोयाबीनवरच्या रोगाचे नाव ताऱ्याला दिले म्हणून घरचे हसतात, पण मला ते आवडते.) गावात काही प्रकरणे वाचून दाखवली तेव्हा विज्ञान शिकवणाऱ्या एका बाईंनी हा तारा साफ खोटा असल्याचे सांगितले. ज्या कथेत झाडे बोलतात, त्या कथेत एकट्या ताऱ्यालाच मोजपट्टी का लावावी, असा माझा प्रश्न आहे.

गोदाकाठ, नांदेड

झाडे बोलतात हे आपण पहिल्या पानावर सांगत असणार, म्हणून वाचक ते मान्य करतो. तांबडा महातारा मात्र आपण खऱ्या आकाशातून उचलला आहे आणि उचललेल्या वस्तूचा हिशेब द्यावा लागतो. मृगातील काक्षी, म्हणजे पंचांगातला आर्द्रेचा तारा, घ्या. त्याचे वस्तुमान सूर्याच्या साधारण 15 ते 20 पट आणि तेज ढोबळमानाने लाखपट आहे. अशा ताऱ्याभोवती पाणी पाण्याच्या रूपात टिकायचे असेल, तर पृथ्वी सूर्यापासून जितकी दूर आहे त्याच्या सुमारे 300 पट दूर राहावे लागेल. तेथून तो तारा आपल्या सूर्याच्या जेमतेम अडीच पट रुंद दिसेल. अर्धे आकाश व्यापण्याइतका जवळ आणलात, तर पेरणी सोडाच, खालचा खडकसुद्धा वितळेल.

रंगाचेही तसेच आहे. त्याच्या पृष्ठभागाचे तापमान सुमारे 3,600 केल्व्हिन आहे, तर जुन्या शंभराच्या दिव्याच्या तारेचे सुमारे 2,700. त्या दिव्याखाली आपण वर्षानुवर्षे जेवलो, पण ताटातली भाकरी कधी कोणाला लाल दिसली नाही. आणि इतक्या दूरच्या कक्षेत एक फेरी पूर्ण व्हायला आपली 1,400 च्या आसपास वर्षे लागतील. एकदा पेरले की पुढच्या मृगाला पेरणाऱ्याचे नावही कोणाला आठवायचे नाही.

तगरवासी, तेर

गोदाकाठ यांचे गणित बरोबर असेल, परंतु त्यांनी तारा म्हणजे फक्त तापलेल्या वायूचा गोळा असे गृहीत धरले आहे. आपल्या पूर्वजांनी त्याच मृगात बाण लागलेले हरीण पाहिले आणि तो बाण सोडणारा व्याधही पाहिला. जूनच्या तिसऱ्या आठवड्यानंतर सूर्य आर्द्रात येतो, तेव्हा तो तांबडा तारा सूर्याच्या उजेडात बुडालेला असतो, म्हणजे दिसतच नाही. तरीही पावसाचे श्रेय त्या न दिसणाऱ्या आर्द्रालाच मिळते. माझे आजोबा पंचांग मिटून सांगत, "औंदा आर्द्राचं वाहन म्हैस हाय, पानी बक्कळ." आभाळात म्हैस कोठे आहे, असे त्यांना कोणी विचारले नाही. लोकांनी ताऱ्यांत जे पाहिले ते नेहमी मापाबाहेरचेच होते. बालाघाटकरांनी अर्धे आकाश लाल केले, तर ते त्याच परंपरेतले आहेत.

गोदाकाठ, नांदेड

वाहन म्हैस असो की बेडूक, आपल्या आजोबांनी ढेकूळ फोडून ओल किती खोल गेली हे पाहिल्याशिवाय तिफण धरली नसणार.

परभणीची लेक

दोन्ही बाजू ताऱ्याच्या आकारावरच अडल्या आहेत, असे मला वाटते. आकारापेक्षा अशा ताऱ्याचा स्वभाव कथेला अधिक उपयोगी आहे. हे तारे स्थिर नसतात. काक्षीचे तेज साधारण 400 दिवसांच्या आवर्तनाने कमीजास्त होते आणि त्यावर सुमारे 2,100 दिवसांचे दुसरे, लांबलेले आवर्तन असते. दोन्हींपैकी कोणतेही घड्याळासारखे चोख नाही. दादा, तुमचे ऋतू ग्रहाच्या फेरीने कशाला ठरवता? तारा उजळला की पेरणी आणि मंदावला की सुगी, असे करा. तो वेळेवर उजळेल याची खात्री नाही, यात मराठवाड्यातल्या वाचकाला नवे काहीच वाटणार नाही.

शिवाय 2019 च्या अखेरीपासून फेब्रुवारी 2020 पर्यंत काक्षी इतका मंदावला, की त्याचे तेज नेहमीच्या निम्म्याहूनही कमी भरले. ताऱ्याने स्वतःच बाहेर टाकलेल्या वायूची धूळ झाली आणि ती आपल्या बाजूला आडवी आली, शिवाय त्याच्या पृष्ठभागाचा एक भाग थंडही झाला होता. तुमच्या आरणीचा बहात्तरचा दुष्काळ इथे आयता हाती लागतो.

गोदाकाठ, नांदेड

सूचना उत्तम आहे, पण दोन गोष्टी ध्यानात घ्याव्यात. त्या वेळी दिसणारा उजेड घटला, तरी अवरक्त किरणांत, म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या उष्णतेच्या किरणांत, तारा जवळजवळ तसाच होता. म्हणून आरणीवर अंधारून आले तरी थंडी तितकी वाढणार नाही. दुसरे असे, की अशा ताऱ्याचे आयुष्यच सुमारे एक कोटी वर्षांचे असते आणि एवढ्या काळात ओसाड ग्रहावर माणसे घडत नाहीत. ती बाहेरून आलेली दाखवावी लागतील.

बालाघाटकर, अंबाजोगाई

माणसे बाहेरून आलेलीच आहेत, तेवढे माझे आधीच जमले आहे. उजळण्या-मंदावण्याचे ऋतू मी घेतो, धुळीचा दुष्काळही घेतो. त्यासाठी तिसरे प्रकरण फाडावे लागले, तरी चालेल. मात्र अर्धे आकाश मी पूर्णपणे सोडणार नाही. आरणीवरच्या बाया दळताना ज्या ओव्या म्हणतात, त्यांत तांबेरा अर्धे आभाळ झाकतो असेच राहील. तो खरोखर केवढा दिसतो, हे निवेदक एकदाच सांगेल.

तगरवासी, तेर

म्हणजे अखेर ओवी खोटी आणि निवेदक खरा ठरला. हे मला मान्य नाही. तिसऱ्या प्रकरणात त्या म्हातारीने उगवत्या ताऱ्याकडे तवा धरून भाकरी टाकली होती, ते पान तरी फाडू नका.